दोन चंद्रांची भरती

माझा नवरा बोलायचा बंद झाला तेव्हा पहिले आठ दिवस मला बरंच वाटलं, हे कबूल करायला मला लाज नाही. गोमा तांडेलाबरोबर अडतीस वर्षं संसार केलेल्या बाईलाच त्यातलं सुख कळेल. बोटीवर इंजिनाच्या वरताण ओरडायची त्याला सवय. घरात मीठ मागितलं तरी तिसऱ्या घरात ऐकू जायचं. तांडेल म्हणजे बोटीचा मुख्य माणूस. त्याने सांगितलं की जाळं पाण्यात जातं, त्याने सांगितलं की वर येतं, आणि मधे कोणी तोंड उघडायचं नाही. चिंचणीत आमच्या आळीतली कुत्रीसुद्धा त्याच्या आवाजाला वचकून होती.

फेब्रुवारीत एका सकाळी चहाचा कप त्याच्या हातातून सुटला, अर्धांगाचा झटका आला. बोईसरच्या दवाखान्यात वेळेवर पोचलो म्हणून जीव वाचला. पाय महिन्याभरात चालायला लागला, उजवा हात निम्मा परत आला, पण जीभ आली ती उलटीच. पाणी हवं असलं की तोंडातून मीठ निघायचं, बस म्हणायचं तिथे ऊठ निघायचं. आपण काय बोललो ते कानावर पडलं की स्वतःच कपाळावर हात मारायचा. डोकं शाबूत होतं, सगळं कळत होतं, आणि तेच जास्त वाईट होतं. माझं सुख तिथेच संपलं.

तरी मेच्या शेवटी, पावसाळी मासेमारी बंद व्हायच्या आधी, तो हट्टाने एकदा बोटीवर गेला. जाळं घेताना रामाचे हात दोरावर होते. रामा म्हणजे पंधरा वर्षांपासून आमच्या बोटीवर असलेला खलाशी, विक्रमगडकडचा वारली, समुद्र पहिल्यांदा बघितला तो आमच्याच बोटीवरून. गोमाला म्हणायचं होतं ‘सोड’. तोंडातून निघालं ‘वढ’. तांडेलाने सांगितलं की विचार करायचा नसतो, म्हणून रामाने दोर वढला. दोराने त्याच्या तळहाताची साल काढली. सोडायला आणखी जरा उशीर झाला असता तर चार बोटं गेली असती.

त्या दिवसापासून गोमाने तोंडाला कुलूप लावलं. हे कुलूप आजाराचं नव्हतं, त्याचं स्वतःचं होतं. मी ओरडले, विनवलं, एकदा ताटही आपटलं. तो भिंतीकडे बघत राहिला.

आमचा मुलगा प्रफुल्ल तारापूरच्या कंपनीत आहे, समुद्राचं त्याला जमत नाही. त्याने सरळ सांगितलं की बोट नुसती उभी ठेवता येणार नाही. डहाणूकडचा दर्पण तांडेल यायला तयार आहे. नारळी पौर्णिमेच्या आदल्या दिवशी बोट पाण्यात घालायची, तोपर्यंत बाबा बोलायला लागले तर ठीक, नाहीतर दर्पण. गोमाने मान हलवली. प्रफुल्लचं चुकलं असं मी म्हणत नाही, पण त्या रात्री मी त्याला भाकरी जरा जोरातच वाढली.

पालघरला रिद्धी मॅडम आहेत, अशा माणसांना बोलायला शिकवतात. वयाने माझ्या मुलीएवढ्या. त्यांनी गोमाला आरती म्हणायला सांगितली तर देवाचं म्हणून याने कुलूप काढलं आणि सगळी घडाघड म्हटली, एक शब्द चुकला नाही. मला वाटलं झालं, देव पावला. मॅडम म्हणाल्या, पाठ असलेलं मोजायचं नाही, ते डोक्यात दुसरीकडे असतं. रोज अर्धा तास मोठ्याने वाचा. आम्ही पेपर आणला. पण पेपरात काय असणार हे गोमाला आधीच माहीत असायचं. दोन शब्द बघायचा, पुढचं मनानेच ठोकून द्यायचा, अडलं की पेपर फेकून द्यायचा. यावर मॅडम म्हणाल्या की पुढचा शब्द ओळखताच येणार नाही असं काहीतरी द्या.

तसलं पुस्तक आमच्या सुनेकडे होतं. हेमालीचं माहेर केळव्याचं. तिचे आईवडील घरातल्या दोन खोल्या पाहुण्यांना देतात, आणि शनिवार-रविवारी येणारी मुंबईची माणसं चार्जरपासून चपलेपर्यंत काहीही विसरून जातात. असंच कोणीतरी काळ्या पुठ्ठ्याचं हे जाडजूड पुस्तक विसरून गेलं होतं. सहाशे चाळीस पानं, आणि वर लिहिलेलं, खंड पहिला. म्हणजे सहाशे पानांत त्या लेखकाची नुसती सुरुवात करून झाली होती. आत एक नकाशा होता, ज्यातला एकही गाव या जगात नाही.

पहिल्याच पानावर एक राजा आपल्या दोन मुलग्यांना विहिरीत ढकलतो. तिसरं मूल म्हणजे मुलगी इल्व्हेरा, नऊ वर्षांची, ती गवताच्या गाडीत लपून पळते. साठाव्या पानापर्यंत अकरा माणसं मेली होती. मी हेमालीला विचारलं की आजारी माणसाला असलं देतात का, एखादं भक्तीचं पुस्तक नव्हतं का. ती म्हणाली, “आई, भक्तीचं त्यांना ओळखता येईल. ह्यात ड्राव्होश्टन किल्ल्यावर उल्मारिग येणार हे कोण ओळखणार?”

बरोबर होतं तिचं. ती नावं वाचायला गोमाला जेवढी कसरत, तेवढीच मला, तेवढीच शाळा पास झालेल्या पोरांना. त्या नावांपुढे सगळेच तोतरे होते. मला वाटतं, म्हणूनच त्याने ते पुस्तक फेकलं नाही.

बंदीच्या दिवसांत आमच्या दारातल्या मांडवात जाळी दुरुस्तीला पसरलेली असतात. पुतण्या भाग्येश, त्याचे दोन मित्र आणि रामा दिवसभर फाटकी जाळी विणत बसायचे. गोमाचा उजवा हात सुईवर चालत नव्हता, म्हणून तो खुर्चीत बसून वाचायचा. पहिल्या दिवशी एक पान वाचायला अर्धा तास लागला. ‘राजा आला’ऐवजी ‘राजा गेला’ झालं, ‘दार उघडलं’चं ‘दार लावलं’ झालं. त्याचा चेहरा लालबुंद झाला. तेव्हा रामाने सुई थांबवून साधेपणाने विचारलं, “लावला? मंग आत कसा गेला तो?” गोमाने पान परत बघितलं, मान हलवली आणि म्हणाला, उघडलं. पुढे गेला.

तशी रीतच पडली. शब्द उलटा आला की कोणी हसायचं नाही, नुसतं विचारायचं. तो थांबायचा, बघायचा, दुरुस्त करायचा. आणि हळूहळू माणसं त्याच्या आजारासाठी नाही, गोष्टीसाठी बसायला लागली. मी सुकवलेले बोंबील निवडायचं काम मुद्दाम मांडवात आणलं. तोंडाने मी त्या लेखकाला शिव्या देत होते. इल्व्हेराला मिठागरात गुलाम म्हणून विकलं त्या दिवशी माझ्या हातून चांगले बोंबील खराबांत गेले. रामा भातलावणीला घरी गेला, तर संध्याकाळी बांधावरून फोन करायचा आणि पहिलं विचारायचा, पोरगी जिती हाय ना?

जुलैच्या मध्यावर तेविसावं प्रकरण आलं. इल्व्हेरा आता सतरा वर्षांची, किल्ल्यात कोंडलेली. बाहेर खाडी. आकाशात अर्धा चंद्र. आणि लेखक लिहितो की भरतीचं पाणी असं चढलं, असं चढलं, की तटाच्या वरून तिची होडी अलगद बाहेर गेली. गोमा हे सगळं नीट वाचत आला, एकही शब्द न चुकता, आणि थांबला. परत ती ओळ बोटाने चाचपली. मला वाटलं अडला. 

“खोटा हाय,” तो म्हणाला. “अर्धा चंद्र म्हंजे आठम. आठमीला भांग असतो. भांगाला पानी चढत नाय. तट सोड, पायरी बुडनार नाय.”

मांडवात सगळ्या सुया थांबल्या. पुस्तकातलं नाही, पाठ असलेलं नाही, त्याचं स्वतःचं बोलणं होतं ते, पाच महिन्यांनंतरचं, आणि प्रत्येक शब्द जागच्या जागी. माझा हात बोंबलांच्या टोपलीतच राहिला. रडू येत होतं आणि रागही येत होता. बायको दीड महिना कानीकपाळी ओरडतेय तर हा दगड, आणि कुठल्या न बघितलेल्या लेखकाने भांगाला भरती आणली तर याला वाचा फुटली.

रिद्धी मॅडमना हे नंतर सांगितलं तेव्हा त्या म्हणाल्या की राग आला की कधीकधी वाट मोकळी होते. मी म्हटलं, मॅडम, राग आणायचाच होता तर मला सांगायचं, मी रोज आणला असता.

पण खरी गंमत पुढेच. भाग्येश म्हणाला, “काका, तिथं दोन चंद्र हायत. चौदाव्या पानावर लिवलंय.”

गोमाने चौदावं पान काढायला लावलं. होते. एक मोठा पांढरा, आपल्यासारखा, आणि एक लहान तांबडा, जो पन्नास दिवसांनी एकदा पुरा होतो. दुसरा कोणी असता तर म्हणाला असता की गोष्ट आहे, सोडून द्या. आमचा तांडेल नाही म्हणाला. चंद्र दोन असले तर उधाणंही दोन येणार, आणि त्या दिवशी तांबड्याची तिथी कुठली होती हे कळल्याशिवाय पुढे वाचायचं नाही, असं त्याने जाहीर केलं. जगात कुठे कोणी असा हिशेब मांडला असेल असं मला वाटत नाही. मागची सगळी पानं परत वाचली. इल्व्हेरा कुठे किती रात्री झोपली, गाडीत किती दिवस गेले, मिठागरात किती वर्षं, सगळं मोजलं. जुन्या कॅलेंडराच्या पाठीवर गोमाने डाव्या हाताने रेघा मारल्या. हेमाली वाचायची, तो भांडायचा. भाग्येश म्हणायचा नऊ दिवस, हा म्हणायचा आठ, कारण जिथे दोनदा जेवण आलं तिथे एकच दिवस झाला. चार दिवस चाललं हे. चार दिवसांत तो जेवढं बोलला तेवढं माझ्याशी लग्नाच्या पहिल्या वर्षातही बोलला नव्हता. 

अधूनमधून शब्द उलटायचे. चढलं म्हणायचं तिथे उतरलं यायचं. मग कोणीतरी विचारायचं, उतरलं? आणि तो मान झटकून परत सांगायचा.

शेवटी निकाल लागला. त्या रात्री तांबड्या चंद्राची अमावास्या होती. म्हणजे थोडं उधाण असणारच. “गुडघाभर,” गोमाने शिक्का मारला. “गुडघाभर चढंल. तट नाय वलांडनार. पन लेखक अगदीच खोटा नाय.” मग समाधानाने प्रकरण चोविसावं काढलं.

पुस्तक संपलं ते पौर्णिमेला सहा दिवस राहिले असताना. शेवटच्या पानावर त्या मेल्या लेखकाने इल्व्हेराची होडी बंदराच्या तोंडाशी उलटवली, आणि काळं पाणी मिटलं एवढं लिहून मोकळा झाला. सहाशे चाळीस पानं आम्ही त्या पोरीबरोबर चाललो होतो. रामा लावणी आटपून आदल्याच दिवशी परत आला होता, त्याने हातातली सुई जाळ्यात तशीच टोचून ठेवली. मी म्हटलं, असलं लिहिणाऱ्याच्या घरी बायको नसणार. गोमा एकटा हसत होता. त्याचं म्हणणं, प्रेत दाखवलं का? नाही दाखवलं. आणि त्या दिवशी पाणी भरतीचं होतं, तो हिशेब त्याच्याकडे तयार होता. भरतीला बुडालेलं माणूस आत येतं, बाहेर जात नाही. पोरगी खाडीच्या काठाला लागलेली असणार. आम्हाला पटलं. आम्हाला पटायचंच होतं.

दोन दिवसांनी पालघरला गेलो. रिद्धी मॅडमनी खूप कौतुक केलं, आणि मग उलट शब्दांची चाचणी घेतली. चित्र दाखवायचं आणि शब्द विचारायचा. वर, खाली. आत, बाहेर. दहापैकी आठ बरोबर आले. मॅडम म्हणाल्या, फारच छान.  परतताना गाडीत गोमाने मला दोन बोटं दाखवली. मग रामाचा तळहात दाखवावा तसा स्वतःचा तळहात उघडला. दहात दोन म्हणजे किती, हे तांडेलाला मी काय सांगणार.

घरी आल्यावर त्याने प्रफुल्लला स्वतःच सांगितलं की दर्पणला बोलाव. सांगताना एकही शब्द चुकला नाही. मला तर वाटलं, एक तरी चुकायला हवा होता.

रामा ओट्यावर बसून ऐकत होता. डोंगरातली माणसं मोठ्यालाही तू म्हणतात, तसा तो म्हणाला, “तांडेल, तू बोल. मी इचारीन. तू मान हालवशील, मंगच हात लावीन. मांडवात करतो तसा.”

गोमाचा चेहरा मी बघितला, आणि मला कळलं की याहून कठीण त्याला कोणी काही सांगितलं नसेल. तांडेलाला उलट विचारायचं! त्याच्या बापाच्या बोटीवर असं विचारणाऱ्याला किनाऱ्याला लागल्यावर परत बोट दिसली नसती. याने स्वतः एका खलाशाला नुसतं ‘आता?’ म्हणाला म्हणून हाकललं होतं. मांडवात गोष्टीसाठी विचारणं वेगळं. आठ माणसांसमोर, बंदरावर, सगळ्या आळीच्या देखत, दर शब्दाला खलाशी विचारणार आणि तांडेल मान हलवणार, हे वेगळं. तो उठून आत निघून गेला. रामा म्हणाला, तांडेल रागावला. मी म्हटलं, रागावू दे, त्याला राग मानवतो.

पौर्णिमेच्या आदल्या दिवशी दुपारी उधाणाचं पाणी खाडीत भरायला लागलं. बोट दोन महिने काठावर वर ओढून ठेवलेली, नवा निळा रंग लावलेला, दोन्ही बाजूंना लाकडांचे टेके. पाणी बोटीखाली आलं की टेके काढायचे आणि दोन्ही बाजूंच्या दोरांवर तिला तोलत सरळ खाडीत उतरवायची. एका बाजूने सैल द्यायचं, दुसऱ्या बाजूने ताणायचं, आणि उलट झालं तर बोट कलंडते ती ज्या बाजूला माणसं उभी असतात त्यांच्यावर. दर्पण तांडेल मोटरसायकलवरून आला होता. भला पोरगा, शर्टाच्या बाह्या वर करून तयार. प्रफुल्लही कंपनीतून सुट्टी काढून आला होता.

गोमा बोटीवर चढला. कोणाला काही न सांगता, निम्म्या हाताने शिडी धरून, नाळेवर, म्हणजे बोटीच्या पुढच्या टोकाला, जाऊन उभा राहिला. प्रफुल्ल माझ्याकडे बघायला लागला, मी पाण्याकडे बघायला लागले. दर्पणने शहाण्यासारख्या बाह्या खाली केल्या आणि बाजूच्या दोराला हात लावला.

पहिल्या दोन हाका बरोबर आल्या. रामाने दोन्ही वेळा विचारलं, मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं, आणि गोमाने दोन्ही वेळा मान हलवली. काठावर कोणीतरी हसलं. गोमाची मान ताठ झाली ती मला खालून दिसली. बोट हलली, पाण्यात अर्धी गेली, आणि लाटेने जरा आमच्या बाजूला झुकली. भाग्येश आणि त्याचे मित्र त्याच बाजूला खाली छातीएवढ्या पाण्यात होते. आमच्याच बाजूचा रामाचा दोर ताणून तारेसारखा झालेला.

“वढ!” गोमा ओरडला.

तोच जुना आवाज, सगळ्या खाडीवर जाणारा. रामाचे हात दोरावर होते, अंगठ्याखाली मेमधली ती गुलाबी खूण. पंधरा वर्षांची सवय त्या हातांत होती. ते हलले नाहीत.

“वढू?” रामाने विचारलं.

गोमा थांबला. सगळ्यांच्या देखत तोंड उघडं ठेवून उभा राहिला. किती वेळ ते मला सांगता येणार नाही. लोक बघत होते. ताठ मानेने ‘सांगितलं ते कर’ म्हणायला एक क्षण पुरला असता, आणि पूर्वीचा गोमा तेच म्हणाला असता.

त्याने मान हलवली. नाही म्हणून.

“सोड,” तो म्हणाला. “चुकलो. सोड, रामा.”

रामाने दोर सैल दिला. बोट सरळ झाली, भाग्येशच्या खांद्याला हलकीशी लागून पुढे सरकली आणि पाण्यावर तरंगायला लागली. आता कोणी हसलं नाही. दर्पणने आपल्या हातातला दोर बाजूच्या पोराकडे दिला, खिशातून मोटरसायकलची किल्ली काढली, आणि जाताना वाकून माझ्या पाया पडला. का पडला ते मी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी नारळ वाहिला आणि बोटी सुटल्या. मी धक्क्यावर उभी होते. इंजिनाच्या आवाजातून गोमाची हाक यायची, पाठोपाठ रामाचं विचारणं, मग परत गोमा. अडतीस वर्षं मी त्याच्या एकट्याचा आवाज दूर जाताना ऐकलाय. या वेळी दोन आवाज गेले, आणि मला त्याच्यासाठी कमी भीती वाटली. शेजारच्या भागीने विचारलं की तुझा तांडेल आता खलाशाला विचारून बोट चालवतो का. मी म्हटलं हो, आणि म्हणूनच संध्याकाळी परत येणार आहे.